पाटीवर ओल्डहॅम, पत्रावर लँकेशायर: मग नकाशातली काउंटी गेली कुठे?

आधी प्रश्न थोडक्यात मांडते, म्हणजे नंतर वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. प्रश्नकर्त्यांचे पणजोबा परळच्या एका कापडगिरणीत रिंगखात्यात, म्हणजे सूत कातणाऱ्या यंत्रांच्या विभागात, जॉबर (मुकादम) होते. त्यांच्या ट्रंकेत दोन वस्तू निघाल्या. एक म्हणजे यंत्रावरून उतरवलेली पितळी पाटी, तिच्यावर ‘प्लॅट ब्रदर्स अँड कंपनी लिमिटेड, ओल्डहॅम’ असं कोरलेलं आहे. दुसरं १९२७ सालचं पत्र. गिरणीतले इंग्रज स्पिनिंग मास्तर, म्हणजे सूतकताईखात्याचे प्रमुख, निवृत्त होऊन मायदेशी गेले आणि तिथून त्यांनी पणजोबांना लिहिलं. वर पत्ता आहे ‘अल्व्हरस्टन, लँकेशायर’. आज नकाशात पाहिलं तर ओल्डहॅम ग्रेटर मँचेस्टरमध्ये दिसतं आणि अल्व्हरस्टन कंब्रियात. लँकेशायर म्हणून जो तुकडा दाखवतात, त्यात दोन्ही गावं नाहीत. तर लँकेशायर ही काउंटी, म्हणजे इंग्लंडमधला जिल्हा, नक्की कुठे आहे, जूनमध्ये आठवडाभर तिकडे जाणार आहोत तर काय पाहावं, आणि त्या मास्तरांचा माग कुठे काढावा, असे तीन प्रश्न आहेत.

मी प्रेस्टनमध्ये राहते. जुनी दफ्तरं चाळून लोकांना घराण्यांचे आणि गिरण्यांचे धागे जुळवून देणं हे माझं काम आहे, आणि हा गोंधळ माझ्याकडे वेगवेगळ्या रूपांत सतत येतो. त्यामुळे पहिलीच गोष्ट ठामपणे सांगते: पत्र बरोबर आहे, पाटी बरोबर आहे आणि नकाशाही बरोबर आहे. ‘लँकेशायर कुठे आहे’ या प्रश्नाला एक उत्तर नाही. कोणत्या सालचा कागद आहे आणि तो कोणत्या कचेरीतून निघाला, हे दोन प्रश्न आधी विचारले की काउंटी आपोआप जागेवर बसते.

आपल्याकडेही हे घडतं. १९८१च्या आधीच्या कागदावर मालवण ‘जिल्हा रत्नागिरी’ असतं, आज ते सिंधुदुर्गात आहे, आणि त्यात कुणाला काही चुकल्यासारखं वाटत नाही. इंग्लंडात गुंता एका पायरीने जास्त आहे. तिथे जुनी काउंटी मोडून नवी केली असं सरळ झालं नाही. जुन्या काउंटीवर नव्या कारभाराच्या हद्दी आखल्या गेल्या, आणि खालची जुनी हद्द काही कामांसाठी अजून जिवंत राहिली.

थोडं मागून सुरुवात करू. १०८६ साली इंग्लंडच्या राजाने देशभरातल्या जमिनींची जी मोठी नोंद करवली, तिच्यात लँकेशायर नावाची काउंटीच नाही. रिबल आणि मर्सी या दोन नद्यांमधला मुलूख चेशायरच्या पानांना जोडून लिहिलेला आहे आणि रिबलच्या उत्तरेचा यॉर्कशायरच्या. म्हणजे उरलेल्या दोन तुकड्यांना जोडून, पुढच्या शतकात, ही काउंटी उभी राहिली. तिचे सहा विभाग पडले: सॅल्फर्ड, वेस्ट डर्बी, लेलंड, ब्लॅकबर्न, अमाउंडरनेस आणि लॉन्सडेल. शेवटचं नाव लक्षात ठेवा. लॉन्सडेलचे दोन भाग होते, एक ‘वाळूच्या दक्षिणेचा’ आणि दुसरा ‘वाळूच्या उत्तरेचा’. मध्ये मोरकम उपसागर. त्या पलीकडच्या भागाला फर्नेस म्हणतात आणि तुमचं अल्व्हरस्टन तिथेच आहे. लँकेस्टरहून तिकडे जमिनीवरून जायचं तर वेस्टमोरलंड नावाच्या दुसऱ्या काउंटीच्या हद्दीतून जावं लागे. तरीही शेकडो वर्षं तो मुलूख लँकेशायरच होता, कारण ओहोटीच्या वेळी उपसागराच्या वाळूवरून थेट रस्ता होता. त्याबद्दल पुढे सांगते.

१३५१ साली या काउंटीला वेगळा दर्जा मिळाला. राजाने आपले काही अधिकार लँकेस्टरच्या ड्यूककडे दिले. त्यामुळे इथली न्यायालयं ड्यूकच्या नावाने चालू लागली आणि अधिकारीही त्याचेच. १३९९ साली ड्यूकचा मुलगाच चौथा हेन्री म्हणून गादीवर बसला आणि तेव्हापासून लँकेस्टरची डची, म्हणजे ड्यूकची जहागीर, राजाकडेच आहे. इथल्या समारंभांत आजही राजाच्या नावाने पेला उंचावताना ‘लँकेस्टरचे ड्यूक’ असा उल्लेख करतात. हे नुसतं मिरवण्यापुरतं नाही. जुन्या लँकेशायरच्या हद्दीत एखादा माणूस मृत्युपत्र न करता वारला आणि त्याला कोणी वारस नसला, तर त्याची मालमत्ता आजही सरकारी खजिन्यात न जाता या डचीकडे जाते. आणि इथे ‘हद्द’ म्हणजे जुनी हद्द. मँचेस्टर तिच्यात येतं, लिव्हरपूल येतं, ओल्डहॅम येतं, अल्व्हरस्टनही येतं. ‘जुनी काउंटी आता फक्त आठवणीत’ असं कुणी म्हणालं की मी हेच उदाहरण देते.

जाता जाता एक गैरसमज दूर करते, कारण आपल्याकडून येणारे बहुतेक जण तो घेऊनच येतात. पंधराव्या शतकातली लाल आणि पांढऱ्या गुलाबांची युद्धं ही लँकेशायर आणि यॉर्कशायर या काउंट्यांमधली लढाई नव्हती. लँकेस्टर आणि यॉर्क ही राजघराण्याची दोन घराणी होती आणि दोघांचेही समर्थक देशभर पसरलेले होते. लाल गुलाब लँकेशायरची खूण झाला आणि यॉर्कशायरशी चुरस आली ती पुढच्या काळात.

आता कारभाराकडे येऊ. १८८९ साली निवडून आलेल्या काउंटी कौन्सिल सुरू झाल्या. त्याच वेळी मोठ्या शहरांना स्वतंत्र दर्जा मिळाला. मँचेस्टर, लिव्हरपूल, ओल्डहॅम, फर्नेसमधलं बॅरो यांचा कारभार लँकेशायर काउंटी कौन्सिलकडे नव्हता, पण ती शहरं लँकेशायरमध्येच मोजली जात. तुमचं १९२७ सालचं पत्र याच काळातलं. मोठा बदल १ एप्रिल १९७४ला झाला. दक्षिणेचा दाट वस्तीचा पट्टा ग्रेटर मँचेस्टर आणि मर्सीसाइड या नव्या काउंट्यांत गेला. वॉरिंग्टन आणि विड्नेस चेशायरकडे गेले. फर्नेस कंब्रियाकडे गेलं. उलट बार्नोल्ड्सविक, अर्बी आणि बोलंडचा डोंगराळ भाग यॉर्कशायरमधून लँकेशायरमध्ये आला. १९९८मध्ये ब्लॅकपूल आणि ब्लॅकबर्न यांचा कारभार वेगळा झाला. २०२३मध्ये कंब्रियाची काउंटी कौन्सिलही बरखास्त झाली आणि अल्व्हरस्टन आता ‘वेस्टमोरलंड अँड फर्नेस’ या कौन्सिलखाली आहे. टपालखात्याने मात्र ग्रेटर मँचेस्टर हे नाव पत्त्यासाठी कधी स्वीकारलंच नाही, म्हणून १९७४नंतरच्या पाकिटांवरही ‘ओल्डहॅम, लँकेशायर’ सर्रास सापडतं. अशा पाकिटावरून साल ठरवायला जाऊ नका.

हद्दीचा हा खेळ डोळ्यांनी बघायचा असेल तर टॉडमॉर्डन या गावी जा. दरीत वसलेलं हे गाव पूर्वी अर्धं लँकेशायरमध्ये आणि अर्धं यॉर्कशायरमध्ये होतं. हद्द होती एक ओढा. त्या ओढ्यावरच त्यांनी १८७५ साली टाउन हॉल बांधला. इमारतीखालून पाणी वाहतं आणि सभागृहाचा एक भाग या काउंटीत, दुसरा त्या काउंटीत. समोरच्या त्रिकोणी शिल्पपटाकडे मान वर करून नीट पाहा. एका बाजूला कापसाचा व्यवहार कोरला आहे, ती लँकेशायरची बाजू. दुसऱ्या बाजूला शेती आणि लोखंडकाम, ती यॉर्कशायरची. १८८८मध्ये हद्द सरकवून सगळं गाव यॉर्कशायरमध्ये घातलं, पण शिल्पं तशीच राहिली. म्हणजे तिथल्या एखाद्या कुटुंबाचा १८८०चा कागद लँकेशायरचा आणि १८९०चा यॉर्कशायरचा असू शकतो, घर न बदलता.

हद्दीच्या भागाचं सार इतकंच. तुमच्या पत्रातलं अल्व्हरस्टन १९२७ साली काउंटी म्हणून लँकेशायरमध्येच होतं. पण तिथलं चर्च १८५६पासून कार्लाइलच्या बिशपच्या अखत्यारीत होतं, म्हणजे चर्चच्या कागदांत ते कंब्रियाच्या बाजूला दिसेल. ओल्डहॅम काउंटीने लँकेशायर, कारभाराने स्वतंत्र, आणि जुन्या चर्चच्या नोंदींत प्रेस्टविच या मोठ्या पॅरिशचा, म्हणजे एका मुख्य चर्चच्या हद्दीचा, एक भाग. एकाच गावाच्या या तीन ओळखी. कोणत्या कचेरीचा कागद हवा आहे ते ठरलं की त्यातली एक धरायची, बाकीच्या दोन सोडायच्या.

आता पाहायचं काय. इथे तुमची आवड, चालण्याची तयारी आणि बरोबर कोण आहे यावर बरंच अवलंबून आहे. लहान मुलं असतील तर ब्लॅकपूलचा समुद्रकिनारा आणि १८९४चा टॉवर टाळता येणार नाही, आणि टाळूही नये. गिरणीगावांना वर्षातून एकदा एकदम सुट्टी पडायची, सगळ्या गिरण्या त्या आठवड्यात बंद, आणि अख्खं गाव आगगाडीने ब्लॅकपूलला यायचं. पण पणजोबांच्या धाग्याने जाणार असाल तर माझा सल्ला आहे की संग्रहालयांच्या आधी जमीन पाहा. इथे कापूस एक बोंडही पिकत नाही. तरी जगातला सर्वांत मोठा कापडधंदा इथेच का उभा राहिला, हे जमीन पाहिल्याशिवाय कळत नाही.

पश्चिमेला समुद्र आणि सपाट, पाणथळ मैदान. पूर्वेला पेनाइन डोंगररांग. अटलांटिकवरून येणारे ढग त्या डोंगरांना अडतात आणि पाऊस पडतो, बारा महिने, कधी रिमझिम तर कधी सलग. डोंगरावरच्या भरड वाळूदगडातून झिरपून आलेलं पाणी मृदू असतं, कापड धुवायला आणि रंगवायला चांगलं. तेच पाणी ओढ्यांतून खाली धावताना पाणचक्क्या फिरवत होतं. पुढे वाफ आली तेव्हा बर्नली आणि विगनकडे जमिनीखाली कोळसा तयार होता. हवा दमट, त्यामुळे सूत कमी तुटतं. मुंबईच्या हवेचा गिरण्यांना जो फायदा झाला तो याच जातीचा. आणि मर्सीच्या मुखाशी लिव्हरपूलचं बंदर. त्यात कारागिरांची भर पडली. बरीच्या जॉन के यांनी १७३३मध्ये झटक्याने पळणारा धोटा काढला. ब्लॅकबर्नजवळच्या जेम्स हारग्रीव्हज यांनी १७६०च्या दशकात एका चाकावर अनेक चात्या फिरवणारी जेनी काढली. पाण्यावर चालणारं सूतकताईचं यंत्र आणणारे रिचर्ड आर्कराइट यांचा जन्म प्रेस्टनचा. बोल्टनच्या सॅम्युएल क्रॉम्प्टन यांचं म्यूल हे सूतकताईचं यंत्र १७७९चं. चारही माणसं एकमेकांपासून एका दिवसाच्या चालीच्या आत जन्मलेली किंवा राबलेली. १८३०मध्ये लिव्हरपूल ते मँचेस्टर आगगाडी सुरू झाली तेव्हा वाटेत चॅट मॉस नावाची खोल दलदल होती. जॉर्ज स्टीफन्सन यांनी झुडपांच्या फांद्या आणि काटक्यांच्या ताट्या अंथरून तिच्यावर रूळ जणू तरंगते ठेवले. आजही गाडी तिथूनच जाते.

धंद्याची वाटणीही जमिनीवर दिसते. दक्षिणेकडची ओल्डहॅम आणि बोल्टन ही मुख्यतः सूतकताईची गावं, उत्तरेकडची ब्लॅकबर्न, बर्नली, नेल्सन विणाईची. ब्लॅकबर्नच्या मागांवर भारतासाठी धोतरं विणली जात. १९१३मध्ये ब्रिटनमधून सुमारे ७ अब्ज यार्ड सुती कापड परदेशी गेलं आणि त्यातलं सुमारे ३ अब्ज यार्ड भारतात आलं. हे आकडे आपल्या हातमागवाल्यांच्या पोटावर कसे आले ते वेगळं सांगायला नको. पण या वैभवाचा पायाही दुसऱ्यांच्या घामाचा होता, आणि तो इथे फिरताना मनात ठेवावा असं मला कळकळीने वाटतं. अमेरिकेतल्या यादवी युद्धाआधी इथला बहुतेक कापूस तिथल्या गुलामांनी वेचलेला असे. लिव्हरपूल, आणि छोटंसं लँकेस्टरही, अठराव्या शतकात गुलामांच्या व्यापाराची बंदरं होती. लँकेस्टरच्या सेंट जॉर्जेस क्वे या धक्क्यावर १७६४ची कस्टम कचेरी उभी आहे, देखणी, चार खांबांची. तिच्या देखणेपणाचा पैसा कुठून आला हे विचारूनच पुढे जावं.

१८६१मध्ये ते युद्ध पेटलं, कापूस येईना, आणि लँकेशायरच्या गिरण्या थंडावल्या. १८६२च्या हिवाळ्यात पाच लाखांच्या आसपास माणसं मदतीच्या अन्नावर जगत होती. तरीही वर्षाच्या शेवटच्या दिवशी मँचेस्टरच्या कामगारांनी सभा भरवून गुलामगिरीविरुद्धच्या लढ्याला पाठिंबा देणारं पत्र लिंकन यांना पाठवलं, आणि जानेवारी १८६३मध्ये लिंकन यांचं उत्तर आलं. मँचेस्टरमध्ये लिंकन यांचा पुतळा आहे तो त्यासाठी. या तुटवड्याचं दुसरं टोक आपल्याकडे. खानदेश-वऱ्हाडचा कापूस सोन्याच्या भावाने मुंबईहून निघाला, शहरात पैशाचा पूर आला, बॅकबेच्या समुद्रात भराव घालणाऱ्या कंपनीच्या शेअरांचा सट्टा फुगला आणि १ जुलै १८६५ला फुटला. इथले विणकर मात्र हिंदुस्थानी कापसाला, मग तो कुठलाही असो, सरसकट ‘सुरत’ म्हणत आणि वैतागत. धागा आखूड, कचरा जास्त, सूत सारखं तुटायचं, आणि मजुरी तर कापडाच्या मोजणीवर.

मुंबईत गिरण्या उभ्या राहिल्या तेव्हा यंत्रं इथूनच गेली: ओल्डहॅमच्या प्लॅट ब्रदर्सची आणि अ‍ॅक्रिंग्टनच्या हॉवर्ड अँड बुलोची. यंत्रांबरोबर माणसंही गेली, तुमच्या पणजोबांचे मास्तर त्यांतले एक. बॉयलरखात्यात काम केलेल्या कुणाही जुन्या माणसाला विचारा, ‘लँकेशायर बॉयलर’ हे नाव त्याला माहीत असतं. मँचेस्टरच्या विल्यम फेअरबेर्न यांनी १८४४मध्ये काढलेला तो प्रकार.

तर बर्नलीच्या क्वीन स्ट्रीट मिलसाठी एक अख्खा दिवस ठेवा. वाफेवर चालणारं जुनं विणाईखातं तिथे जागच्या जागी टिकलं आहे. १८९४ची गिरणी. इंजिनाचं नाव ‘पीस’, म्हणजे शांतता. पहिल्या महायुद्धानंतर दिलेलं. इंजिन चालू असताना सुरुवातीला फारसा आवाज नाही, फक्त चाकाची सावकाश धाप. मग दार उघडून मागांच्या शेडमध्ये गेलात की छताखालच्या लांब दांड्यावरून आलेले चामड्याचे पट्टे ओळीने फिरताना दिसतात. दाखवणारा माणूस थोडेच माग सुरू करतो, तरी शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही. असे शेकडो माग दिवसभर चालत. त्यामुळे इथल्या बायका ओठांच्या हालचालींवर बोलायच्या, तोंड मोठं उघडून, शब्द ताणून, हातवाऱ्यांची जोड देऊन. मिल सुटल्यावरही रस्त्याच्या या बाजूच्या बाईला त्या बाजूच्या बाईचं बोलणं कळायचं. धोट्यात धागा ओवायचा तो भोकाला तोंड लावून, श्वास ओढून. एकच धोटा अनेकींच्या तोंडाला लागायचा आणि रोग पसरायचे. छताची करवतीच्या दातांसारखी रचना पाहा. काचा उत्तरेकडे तोंड करून आहेत, म्हणजे ऊन थेट पडत नाही आणि उजेड सारखा मिळतो. परळ-लालबागमध्ये वाढलेल्यांना हे छत परकं वाटणार नाही. मिल वर्षभर रोज उघडी नसते, म्हणून निघण्याआधी दिवस तपासा आणि इंजिन चालू असेल तोच दिवस निवडा.

तिथूनच जवळ पेंडल हिल आहे, ५५७ मीटरचा लांबट पाठीचा डोंगर. १६१२ साली या परिसरातल्या माणसांवर चेटुकाचा आळ आला, लँकेस्टरच्या किल्ल्यात खटला चालला आणि दहा जणांना फाशी दिलं, बहुतेक गरीब बायका. लँकेस्टरचा तो किल्ला २०११पर्यंत तुरुंग होता; आता आतून पाहता येतो. ब्लॅकबर्नजवळच्या डार्विन (Darwen) या गिरणीगावालाही जाता आलं तर जा. सप्टेंबर १९३१मध्ये गांधीजी तिथे आले होते, परदेशी कापडावरच्या बहिष्कारामुळे ज्यांचा रोजगार बुडाला त्याच गिरणी कामगारांना भेटायला. बायकांच्या गर्दीत उभे असलेले गांधीजी आणि हात उंचावून हसणाऱ्या त्या बायका, हा फोटो तुम्ही पाहिलेला असेल. आणि क्रिकेटवाले कुणी बरोबर असतील तर त्यांना सांगा, लँकेशायरचं घरचं मैदान ओल्ड ट्रॅफर्ड. आज ते ग्रेटर मँचेस्टरमध्ये आहे, तरी संघाचं नाव कुणी बदललं नाही. आपले फरोख इंजिनिअर तिथेच खेळत.

आणि अल्व्हरस्टन. लँकेस्टरहून गाडी घ्या आणि डाव्या बाजूला बसा. आर्नसाइडला गाडी केंट नदीच्या मुखावरच्या लांब पुलावर चढते, पुढे अल्व्हरस्टनच्या अलीकडे लेव्हन नदीवरचा असाच पूल. हा मार्ग १८५७चा. त्याच्या आधी माणसं, गुरं, टपालाच्या घोडागाड्या ओहोटीत खालच्या वाळूवरून जात. वाळू पाय रुतवणारी, नद्यांचे प्रवाह जागा बदलणारे, आणि भरती घोड्याच्या वेगाने येते असं इथले लोक म्हणतात. वाट दाखवायला सोळाव्या शतकापासून राजाने नेमलेला वाटाड्या आहे, ते पद अजून चालू आहे. तो आधी जाऊन वाळू तपासतो आणि लॉरेल नावाच्या झुडपाच्या फांद्या रोवून वाट आखतो. उन्हाळ्यात त्याच्यामागे गटाने बारा-तेरा किलोमीटर चालत पलीकडे जाता येतं. जायचं असेल तर त्याच्याच गटात जा, स्वतःहून वाळूत उतरू नका. फेब्रुवारी २००४मध्ये शिंपले वेचायला गेलेले किमान २१ चिनी मजूर इथे भरतीत बुडाले. ती वाळू पाहिल्यावर कळतं की डोंगराच्या कुशीतला तो मुलूख लँकेस्टरशी का जोडलेला होता. जुन्या लँकेशायरचं सर्वोच्च टोक, कॉनिस्टनचा ओल्ड मॅन, सुमारे ८०३ मीटर, तोही याच पलीकडच्या भागात. अल्व्हरस्टन गाव छोटं, दगडी गल्ल्यांचं. वरच्या टेकडीवर दीपगृहासारखा मनोरा आहे. लॉरेल-हार्डी जोडीतले स्टॅन लॉरेल १८९०मध्ये इथे जन्मले, तेव्हा अर्थात लँकेशायरमध्ये.

आता मास्तरांचा माग. पत्रावरचा पत्ता राहण्याचा आहे, जन्माचा नाही. अल्व्हरस्टन हे काही सूतकताईचं मोठं गाव नव्हतं. मुंबईत स्पिनिंग मास्तर झालेला माणूस बहुधा ओल्डहॅम, बोल्टन किंवा आसपासच्या गावात शिकलेला असणार, आणि निवृत्तीनंतर समुद्राकाठच्या शांत गावी आलेला. म्हणून जन्म अल्व्हरस्टनमध्ये शोधत बसू नका. माझ्या पद्धतीने मी उलट्या बाजूने, मृत्यूपासून सुरुवात करते. इंग्लंडमध्ये १८५८पासून मृत्युपत्रांची एकच राष्ट्रीय वर्षवार सूची आहे. तिच्यात नाव, पत्ता, मृत्यूची तारीख आणि मालमत्तेचा कारभार कुणाकडे सोपवला हे असतं. १९२७पासून पुढे एकेक वर्ष पाहत जा. अल्व्हरस्टनचा पत्ता जुळला तर बायको-मुलांची नावं हाती येण्याची शक्यता मोठी. १९२१च्या जनगणनेत ते सापडले नाहीत तर निराश होऊ नका, तेव्हा ते मुंबईतच असतील. १९३१च्या जनगणनेचे कागद १९४२च्या आगीत जळाले. दुसऱ्या महायुद्धाच्या सुरुवातीला केलेली नागरिकांची १९३९ची नोंदवही मात्र आहे, आणि तिच्यात जन्मतारीख मिळते. मुंबईत त्यांचं लग्न झालं असेल किंवा मुलं जन्मली असतील, तर मुंबई इलाख्यातल्या चर्चनोंदींच्या प्रती लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत इंडिया ऑफिसच्या दफ्तरात आहेत.

जन्माचं गाव कळलं की १ जुलै १८३७पासूनची सरकारी जन्म-मृत्यू नोंद आणि त्याआधी चर्चच्या नोंदवह्या. इथे एक अडचण येते. लँकेशायरच्या पॅरिश अवाढव्य होत्या, एकट्या व्हॉली (Whalley) या पॅरिशमध्ये डझनावारी गावं. लोक मुलाला बाप्तिस्म्यासाठी दूरच्या मुख्य चर्चला न नेता जवळच्या छोट्या चॅपेलमध्ये नेत, किंवा मेथडिस्ट असत, किंवा कॅथलिक. इंग्लंडात जुना कॅथलिक धर्म सर्वांत घट्ट टिकला तो याच काउंटीत. मुख्य चर्चच्या वहीत नाव नाही म्हणून माणूस तिथला नाही असं ठरवू नका. ‘लँकेशायर ऑनलाइन पॅरिश क्लर्क्स’ या स्वयंसेवकांच्या संकेतस्थळावर अशा नोंदी फुकट शोधता येतात, आणि त्यांनी जुनीच काउंटी धरली आहे. आडनाव टेलर किंवा स्मिथसारखं असेल तर दुसरा पुरावा, म्हणजे बायकोचं नाव किंवा नेमकं वय, हाती येईपर्यंत कुणालाही ‘हेच ते’ म्हणू नका. हयात वंशजांपर्यंत पोहोचलात तर थेट दारात जाऊ नका, आधी पत्र लिहा.

पाटीचं काम त्या मानाने सोपं आहे. प्लॅट कंपनी पुढे इतरांत विलीन झाली आणि तिचं जुनं दफ्तर ओल्डहॅममध्ये नसून इथे प्रेस्टनमध्ये, लँकेशायर आर्काइव्हजमध्ये आहे. त्यात मागण्यांच्या वह्या आहेत: कोणत्या गिरणीने कोणती यंत्रं आणि किती चात्या मागवल्या याच्या. सगळ्या वर्षांच्या मिळतील असं धरून चालू नका. पाटीवर साल किंवा क्रमांक असेल तर तो उतरवून घ्या, पितळ घासून चकचकीत करू नका, कोरीव अक्षरं झिजतात. तिरप्या उजेडात फोटो काढा. गिरणीचं त्या काळचं इंग्रजी नाव शोधून ठेवा, कारण वह्यांत नोंद गिरणीच्या किंवा मुंबईतल्या दलाल कंपनीच्या नावाने असते, गावाच्या नावाने नाही. निघण्याच्या निदान महिनाभर आधी आर्काइव्हजला ईमेल करून उघडण्याचे दिवस विचारा आणि वह्या आगाऊ मागवा. प्रेस्टनचा दिवस त्यांच्या उत्तरानुसार ठरवा.